शेवटच्या माणसाचा कोट



या व्याख्यानमालेच्या चालकांनी मला बोलावले, तेव्हा मी कामगार चळवळीवर बोलेन अशी त्यांची अपेक्षा असणार. मी विषय कळविला तो जर्मन मूकपटांच्या एका लेखकाचा. दुसऱ्याच दिवशी चिटणीस घरी आले आणि, ‘विषय लिहिताना काही चूक तर झाली नाही ना?’ असे त्यांनी फार सभ्यपणे विचारले. चूक झालेली नव्हती. माझे सगळे आयुष्य मागणीपत्रे लिहिण्यात आणि मालकांच्या दारांत बसण्यात गेले. चित्रपटकलेचा मी अभ्यासक नाही. पण माझ्या धंद्यातली एक गोष्ट मला कोणत्याही कायद्याच्या पुस्तकाने शिकवली नाही, ती या माणसाने शिकवली. आणि ती मी उशिरा शिकलो. तेवढीच आज आपल्यापुढे मांडणार आहे.

त्याचे नाव कार्ल मायर. १८९४ मध्ये ऑस्ट्रियातील ग्राझ या शहरी, एका ज्यू कुटुंबात त्याचा जन्म झाला. त्याच्या मित्रांनी मागाहून सांगितलेली हकीकत अशी की, बाप सट्टेबाज होता. जुगारात हमखास जिंकण्याची शास्त्रीय युक्ती आपल्याला सापडली आहे, या भ्रमात त्याने होते नव्हते ते विकले, सगळे घालविले आणि अखेर आत्महत्या केली. मायर तेव्हा सोळा वर्षांचा होता. पाठीवर तीन लहान भाऊ. शाळा सुटली. वायुभारमापक यंत्रे दारोदार विकणे, गायनवृंदात गाणे, खेडवळ नाटकमंडळ्यांत किरकोळ भूमिका करणे, असे मिळेल ते त्याने केले. रंगभूमीशी त्याचा संबंध आला तो असा, पोटासाठी, आणि तोही गर्दीत उभा राहणारा नट म्हणून. गर्दीत उभ्या राहणाऱ्याला संवाद नसतात. नुसते उभे राहून, मान वळवून किंवा हात हलवून काय सांगता येते, हे त्याला तिथे कळले असले पाहिजे.

पहिले महायुद्ध आले. मायरला सैन्यात घेण्यासाठी पुन्हापुन्हा लष्करी मनोवैद्यापुढे उभे करण्यात आले, आणि त्या तपासण्यांनी अधिकार या गोष्टीविषयी त्याच्या मनात कायमची अढी बसली, असे त्याचा मित्र हान्स यानोवित्स सांगत असे. यानोवित्स स्वतः युद्धात अधिकारी होता आणि परतला तो युद्धाचा कट्टर शत्रू होऊन. युद्ध संपल्यावर हे दोघे बर्लिनमध्ये भेटले. दोघांच्याही खिशात पैसे नव्हते. १९१८-१९ च्या हिवाळ्यात त्यांनी मिळून एक कथा लिहिली आणि एरिक पोमर या निर्मात्याला विकली. रोबेर्ट वीने याच्या दिग्दर्शनाखाली तिचा चित्रपट होऊन तो फेब्रुवारी १९२० मध्ये बर्लिनला झळकला. तोच ‘डॉक्टर कालिगारी’. जत्रेत झोपाळू माणसाचे खेळ दाखविणारा एक डॉक्टर त्या झोपेत चालणाऱ्याकडून रात्री खून करवून घेतो, अशी ती गोष्ट. वाकड्या भिंती, तिरक्या खिडक्या आणि कापडावर रंगविलेल्या सावल्या यांमुळे तो चित्रपट जगभर गाजला. हुकूम देणारा सत्ताधारी आणि झोपेत हुकूम पाळणारा सामान्य माणूस, असा अर्थ यानोवित्सने पुढे सांगितला. गोष्ट सांगणाराच वेडा निघतो, असा शेवट आमच्या मनाविरुद्ध जोडला आणि सत्तेवरची टीका पुसून टाकली, अशी तक्रारही त्याने केली. पण मूळ हस्तलिखिताची एक प्रत पुढे उजेडात आली, आणि लेखकांच्या मसुद्यालाही एक वेगळी चौकट होतीच, असे दिसून आले. लेखकांच्या तक्रारीही, आमच्या संघटनेच्या इतिवृत्तांप्रमाणेच, मूळ कागद पाहून तपासाव्यात हे बरे.

एरवी कोणी असते तर या यशावर आणखी दहा भूतकथा लिहिल्या असत्या. मायर त्या वाटेने फार काळ गेला नाही. तो वळला चाळींकडे, मागच्या जिन्यांकडे आणि रेल्वेच्या रुळांकडे. १९२१ च्या त्याच्या एका चित्रपटाचे नावच ‘मागचा जिना’ असे आहे. त्यात एक मोलकरीण आहे, तिचा दूर गेलेला प्रियकर आहे, आणि त्याची पत्रे तिच्यापर्यंत पोहोचू न देणारा एक पंगू टपालवाला आहे. त्याच वर्षीचा दुसरा चित्रपट ‘ठिकऱ्या’. लुपू पिक या नट-दिग्दर्शकाने तो काढला. बर्फात एकाकी घर करून राहणारा रुळांचा पहारेकरी, त्याची बायको, त्याची मुलगी. वरून तपासनीस येतो, मुलीला फसवितो. आई प्रार्थना करता करता थंडीने गोठून मरते. बाप तपासनिसाचा जीव घेतो, मग हातात लाल कंदील घेऊन धावती गाडी थांबवितो आणि आपण खुनी आहोत असे सांगतो.

यातली मुख्य माणसे कोण, ते पाहा. गँगमन, मोलकरीण, टपालवाला. मायरने बहुधा त्यांना नावेही दिली नाहीत. हजेरीपटावर असावी तशी ती नुसत्या कामाने ओळखली जातात.

आता एक तांत्रिक गोष्ट सांगितली पाहिजे. मूकपटात माणसे बोलत नसत, म्हणून मध्ये मध्ये पडद्यावर पाट्या येत. ‘दुसऱ्या दिवशी सकाळी’, ‘मी तुला कधीच विसरणार नाही’ असा मजकूर त्यांवर असे. कथा अडली की पाटी टाकायची, हा सोपा मार्ग होता. मायरने तो सोडला. ‘ठिकऱ्या’ मध्ये त्या अखेरच्या कबुलीजबाबाखेरीज जवळजवळ काही लिहिलेले नाही. पाटी नको असेल तर प्रत्येक गोष्ट दिसली पाहिजे. राग दिसला पाहिजे, उशीर झालेला दिसला पाहिजे, अपमान दिसला पाहिजे. म्हणून त्याच्या पटकथा वेगळ्याच असत. लहान लहान तुटक वाक्ये, एकाखाली एक. कोण कुठे उभा आहे, दिवा कुठे आहे, कॅमेरा कुठून कुठे सरकतो आहे, हे सगळे तो आधीच कागदावर पाहत असे. एका पटकथेला त्याला महिनोन् महिने लागत आणि निर्माते कंटाळत.

अशा रीतीने लिहिलेला त्याचा सर्वांत मोठा चित्रपट म्हणजे १९२४ चा ‘डेर लेट्स्टे मान’, म्हणजे ‘शेवटचा माणूस’. दिग्दर्शक एफ. डब्ल्यू. मुर्नाऊ, छायाचित्रकार कार्ल फ्रॉइंड, मुख्य नट एमिल यानिंग्स, आणि कंपनी जर्मनीतली सर्वांत मोठी, उफा. २३ डिसेंबर १९२४ रोजी बर्लिनमध्ये त्याचा पहिला खेळ झाला. इंग्रजी मुलखांत त्याला ‘शेवटचे हसू’ अशा अर्थाचे नाव दिले गेले. मला मूळ नावच बरे वाटते. आपण रांगेत शेवटचा कोण हे विचारतो, त्या अर्थाने तो शेवटचा माणूस आहे.

गोष्ट समजण्यासाठी त्या काळच्या जर्मनीची थोडी माहिती हवी. त्या देशात गणवेशाला काय मान होता, याचे एक उदाहरण प्रसिद्ध आहे. ऑक्टोबर १९०६ मध्ये विल्हेल्म फोग्ट नावाच्या एका चांभाराने जुन्या बाजारातून लष्करी कप्तानाचा गणवेश मिळविला. अनेक वर्षे तुरुंगात काढलेला हा माणूस. तो अंगावर चढवून त्याने रस्त्यातले शिपाई हुकमाने बरोबर घेतले, बर्लिनजवळच्या कोपेनिक गावी गेला, नगराध्यक्षाला अटक केली आणि तिजोरीतली रोकड घेऊन चालता झाला. त्याला कोणी कागद विचारला नाही. कोट पाहिला आणि टाचा जुळविल्या.

पुढे युद्धात पराभव झाला, कैसर पळाला. नोव्हेंबर १९१८ मध्ये मालक आणि कामगार संघटना यांच्यात करार होऊन आठ तासांचा दिवस मान्य झाला. मग महागाई आली, आणि नोव्हेंबर १९२३ मध्ये एका डॉलरला ४.२ लाख कोटी मार्क मोजावे लागत होते. जन्मभराची पुंजी एका पावाच्या मोलाची उरली नाही. मायरने ही पटकथा लिहिली ती या उलथापालथीच्या सुमारास.

गोष्ट एवढीच आहे. एका भपकेबाज हॉटेलचा म्हातारा दारवान. अंगावर सोनेरी फितींचा, पितळी बटणांचा लांब कोट. भरदार कल्ले. गाड्यांची दारे उघडावी, छत्री धरावी, शिट्टी फुंकून टॅक्सी बोलवावी, हे त्याचे काम. पण ते तो सेनापतीच्या डौलात करतो. संध्याकाळी तोच कोट घालून तो घरी जातो. घर म्हणजे आपल्याकडच्या चाळीसारखीच मोठी वस्ती, मध्ये अंगण, चारी बाजूंनी खिडक्या. त्या अंगणातून तो चालला की बायका वाकून नमस्कार करतात. तो सलाम घेतो. लहान मुलांना खाऊ वाटतो. वस्तीला वाटते, आपल्यात एक मोठा माणूस राहतो.

एका पावसाळी रात्री त्याला एक जड पेटी उतरवावी लागते. दम लागतो. तो क्षणभर आत बसतो, पाणी पितो. नेमके तेव्हाच तरुण व्यवस्थापक पाहतो आणि वहीत टिपून घेतो. दुसऱ्या दिवशी म्हातारा कामावर येतो तो दारात तसाच कोट घातलेला दुसरा धिप्पाड माणूस उभा. आत बोलावणे येते. हातात पत्र मिळते. पत्राचा आशय असा की, आपले वय झाले. परंतु आपली दीर्घ सेवा लक्षात घेऊन आपल्याला काढून टाकीत नाही. तळघरातल्या प्रसाधनगृहाचा म्हातारा नोकर आजच वृद्धाश्रमात जात आहे, त्याची जागा आपल्याला देत आहोत.

हे पत्र ज्याने लिहिले त्याला मी ओळखतो. म्हणजे, त्याच्या जातीची शंभर पत्रे मी वाचली आहेत. त्यात एकही कठोर शब्द नसतो.

म्हातारा आपली ताकद दाखवायला खोलीतली पेटी उचलू पाहतो आणि कोसळतो. मग एक नोकर त्याच्या अंगावरून कोट उतरवितो. सोलून काढावा तसा. एक बटण तुटून खाली पडते. कोटाच्या आत पाहावे तर एक वाकलेला, जुन्या कपड्यांतला, कोणीही म्हातारा. यानिंग्स त्या एका मिनिटात वीस वर्षांनी थकतो. पाटी नाही, शब्द नाही. थोड्या वेळाने तो हातात पांढरे टॉवेल घेऊन झुलत्या दारातून तळघराच्या पायऱ्या उतरतो.

त्याच दिवशी त्याच्या घरातल्या मुलीचे लग्न. कोटाशिवाय लग्नाला जायचे कसे? रात्री तो हॉटेलच्या कपाटातून स्वतःचाच कोट चोरतो. लग्नात मिरवतो, पितो, आणि नशेत स्वप्न पाहतो की, आपण ती अवजड पेटी एका हातावर चेंडूसारखी झेलतो आहोत. या ठिकाणी कॅमेराच झिंगतो. फ्रॉइंडने कॅमेरा तिकाटण्यावरून उतरविला आणि अंगाला बांधला. चित्रपटाच्या सुरुवातीला तो लिफ्टमधून खाली येतो आणि दिवाणखान्यातून चालत दारापर्यंत जातो. आज हातातल्या टेलिफोनने कोणीही हे करतो. पण शंभर वर्षांपूर्वी ही नवलाची गोष्ट होती. आणि ती करामत म्हणून केलेली नव्हती. पाट्या नाहीत, तेव्हा म्हाताऱ्याच्या डोक्यात काय चालले आहे ते सांगायला कॅमेऱ्यालाच हलणे भाग होते.

दुसऱ्या दिवसापासून तो सकाळी कोट घालून घरातून निघतो, स्टेशनच्या सामानघरात तो ठेवतो, तळघरात जातो, आणि संध्याकाळी कोट सोडवून पुन्हा घालून घरी येतो. पण दुपारी नवऱ्यामुलाची मावशी त्याच्यासाठी डबा घेऊन हॉटेलवर येते आणि प्रसाधनगृहाच्या दारात तो तिला दिसतो. ती किंचाळून पळते. संध्याकाळपर्यंत बातमी खिडकी-खिडकीतून साऱ्या वस्तीत पोहोचते. तो अंगणात पाऊल टाकतो तेव्हा सगळी वस्ती हसत असते. घरची माणसेही दूर होतात.

मित्रहो, हा भाग मला फार जड गेला. मी सात-आठ वर्षांपूर्वी एका चित्रपट मंडळाच्या खेळात हा चित्रपट प्रथम पाहिला. त्या व्यवस्थापकाविषयी मला काही नवे कळण्यासारखे नव्हते. कोट काढला तो मालकाने, हे खरे. पण म्हातारा मोडला तो शेजाऱ्यांच्या हसण्याने. आणि हसणारे कोण? त्याच्यासारखेच भाड्याच्या खोल्यांत राहणारे, रोज काम करून पोट भरणारे. काल ज्यांनी नमस्कार केला, त्यांनी तो माणसाला केलाच नव्हता, कोटाला केला होता. प्रसाधनगृह धुणे हे काम आहे, प्रामाणिक काम आहे, हे त्या वस्तीत कोणाच्याही मनात येत नाही. ज्यांना स्वतःच्या कामाची लाज वाटत होती, ते दुसऱ्याच्या कामाला हसून घेत होते.

इथे मला माझी एक गोष्ट सांगावी लागते. टाळता आली असती तर टाळली असती.

बऱ्याच वर्षांपूर्वी एका मोठ्या हॉटेलात आमची संघटना होती. हॉटेलचे नाव सांगत नाही. तिथे दारावर आमचे एक सभासद उभे राहत. फेटा, मिशा, छातीवर पट्टा. वीस वर्षांहून अधिक नोकरी. नवे व्यवस्थापन आले आणि त्यांना मागच्या बाजूला, चादरी-टॉवेल मोजण्याच्या खोलीत टाकले. आम्ही तक्रार केली, वाटाघाटी झाल्या. मी स्वतः बसलो होतो. पगारात एक पैसा कमी नाही, भत्ता तोच, सेवा अखंड, बक्षिशीचे नुकसान होते म्हणून काही रक्कम वर. असा करार मी पदरात पाडून घेतला. सभासदांनी टाळ्या वाजविल्या. मलाही वाटले, चांगले झाले.

सभा संपल्यावर ते माझ्याकडे आले. म्हणाले, ‘साहेब, एक राहिलं. आमच्यातल्या कुणालाच पुढच्या दारानं जायची मुभा नाही. मी तेवढा एक त्या दारात उभा होतो. माझी नोकरी संपायला सात महिने आहेत. शेवटच्या दिवशी मला पुढच्या दारानं बाहेर जाऊ द्या, एवढं लिहून घ्या.’

मी त्यांना काय उत्तर दिले ते मला शब्दशः आठवते. मी म्हणालो, ‘काका, ती मागणी होत नाही.’

मी हसलो नव्हतो. पण शेजारी बसलेले आमचे दोन कार्यकर्ते हसले, आणि मी त्यांना थांबविले नाही. काकांनी सात महिने पुरे केले नाहीत. तीन महिन्यांनी राजीनामा देऊन ते मागच्या फाटकाने गेले, आणि गावी निघून गेले. करार कागदावर आजही निर्दोष आहे. त्यातला एक शब्द बदलावा असे कोणी वकील सांगणार नाही.

‘शेवटचा माणूस’ पाहताना, अंगणात हसणाऱ्यांच्या त्या गर्दीत मला आमची ती खोली दिसली. मायरच्या व्यवस्थापकाने जो युक्तिवाद पत्रात लिहिला होता, तोच मी वाटाघाटीत मिळवून आणला होता. नोकरी शाबूत, मग दुःख कशाचे? भाकरी आणि मान ही एकच वस्तू आहे, एक मिळाली की दुसरी आपोआप येते, अशी माझी समजूत होती. ती चुकीची आहे. मान हा कामगाराचा असतो, पण पुष्कळदा तो मालकाच्या कपाटात टांगलेला असतो. आणि तिथून तो काढून घेताना पगाराच्या चिठ्ठीवर कोणतीही नोंद होत नाही.

मायरची दुसरी बाजूही मला मांडली पाहिजे. मी त्याचा भाट नव्हे. त्या हॉटेलात वेटर आहेत, लिफ्टवाले आहेत, स्वयंपाकी आहेत, सामान वाहणारे पोरगे आहेत. त्यांपैकी कोणी म्हाताऱ्यासाठी तोंड उघडत नाही. १९२४ च्या जर्मनीत लाखो कामगार संघटनांचे सभासद होते. चित्रपटात त्यांची सावलीही नाही. मायरची सगळीच माणसे अशी एकेकटी आहेत. ती सोसतात, नाहीतर एकदम कुऱ्हाड उचलतात. शेजारच्या माणसाकडे जाऊन ‘आपण मिळून काय करू?’ असे ती विचारीत नाहीत. मला हे अपुरे वाटते. पण मग माझ्याच प्रश्नाने मी अडतो. आमच्या हॉटेलात तर संघटना होती. काका एकटे पडायचे राहिले का?

चित्रपटात एकच माणूस म्हाताऱ्याला सोडत नाही, तो म्हणजे रात्रीचा पहारेकरी. चोरलेला कोट म्हातारा त्याच्याच हाती परत देतो. पहारेकरी त्याला प्रसाधनगृहात घेऊन जातो, खुर्चीवर बसवितो, आणि स्वतःचा कोट काढून त्याच्या अंगावर घालतो. या कोटाला सोनेरी फिती नाहीत. तो ऊब देतो. सगळ्या चित्रपटात कोट या वस्तूचा जो खरा उपयोग, तो या एकाच ठिकाणी झालेला आहे.

इथे गोष्ट संपायला हवी. आणि गोष्ट सुरू झाल्यापासूनची एकुलती एक पाटी येते ती इथे. तिचा आशय असा: खऱ्या आयुष्यात या माणसापुढे मरणाखेरीज काही उरले नसते, परंतु लेखकाला त्याची दया आली, म्हणून त्याने एक सहसा न घडणारा शेवट जोडला आहे. मग दिसते ते असे की, एक अमेरिकन कोट्यधीश त्याच प्रसाधनगृहात म्हाताऱ्याच्या हातांत प्राण सोडतो, आणि मृत्युपत्रात लिहिलेले असते की, ज्याच्या हातांत मी मरेन त्याला माझे सर्वस्व मिळावे. म्हातारा त्याच हॉटेलात पहारेकऱ्याला शेजारी बसवून पोटभर जेवतो, सगळ्या नोकरांना बक्षिशी वाटतो, आणि जाताना एका भिकाऱ्यालाही गाडीत घेतो.

या शेवटावर टीकाकारांनी पुष्कळ टीका केली आहे. गल्ल्यासाठी केलेली तडजोड, असे कोणी म्हणतात. असेलही. पण मला मायरचे प्रामाणिकपण आवडते. आनंदी शेवट करणारे लेखक पुष्कळ असतात. ‘हा शेवट खोटा आहे, खरा तुम्ही आताच पाहिला’ असे पाटी लावून सांगणारा मी दुसरा पाहिला नाही. त्याने पाट्या इतके दिवस राखून ठेवल्या त्या जणू या एका कबुलीसाठी.

पुढची हकीकत थोडक्यात. मुर्नाऊ अमेरिकेला गेला. त्याच्यासाठी मायरने ‘सनराइज’ ची पटकथा लिहिली. पण हॉलिवुडला यायला नकार देऊन ती युरोपातच बसून लिहिली. १९२७ चा हा चित्रपट आणि १९२९ मधल्या पहिल्याच ऑस्कर समारंभात गौरविला गेलेला. १९२७ मध्येच ‘बर्लिन’ नावाचा शहराचा एक दिवस दाखविणारा चित्रपट निघाला. त्याची मूळ कल्पना मायरची; पण दिग्दर्शक वाल्टर रुटमान याला यंत्रांच्या तालात माणूस दिसेना, म्हणून मायर त्यातून दूर झाला. मग बोलपट आले, आणि न बोलता सांगण्याची जी विद्या त्याने कमावली होती तिचे गिऱ्हाईक कमी झाले.

१९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. त्याच वर्षी २ मे रोजी, कामगार दिनाच्या दुसऱ्याच दिवशी, जर्मनीतल्या कामगार संघटनांची कार्यालये ताब्यात घेण्यात आली आणि पुढाऱ्यांना पकडण्यात आले. ज्या देशाने कोटाला सलाम करण्याची सवय सोडली नव्हती, तो सगळा देशच आता गणवेशात उभा राहिला. मायर ज्यू होता. त्याने देश सोडला आणि अखेर लंडनला राहिला. आणि ज्याने त्याचा म्हातारा दारवान अजरामर केला तो एमिल यानिंग्स? तो हॉलिवुडहून पहिले ऑस्कर घेऊन जर्मनीला परतला होता. नव्या राजवटीत तो तिथेच राहिला, तिच्या प्रचारपटांत त्याने भूमिका केल्या, मानमरातब घेतले. १९४५ नंतर त्याला पुन्हा काम मिळाले नाही. कोट गेल्यावर माणसाचे काय होते हे जगाला ज्याने दाखविले, त्याला स्वतःला कोणता कोट घालू नये हे कळले नाही.

मायरने लंडनमध्ये इतरांच्या चित्रपटांना सल्ला देण्याची कामे केली. पॉल रोथा या माहितीपटकाराने त्याला आपल्यात घेतले, त्याच्याकडून शिकून घेतले. श्रेयनामावलीत त्याचे नाव सहसा आले नाही. १ जुलै १९४४ रोजी कर्करोगाने त्याचा अंत झाला. ज्या हायगेट स्मशानभूमीत कार्ल मार्क्स आहे तिथेच याही कार्लचे थडगे आहे. चित्रपटकलेचा तो अग्रदूत होता असे दगडावर कोरलेले आहे, आणि तो दगड कोणी उभारला तेही कोरले आहे: त्याच्या मित्रांनी आणि सहकामगारांनी. कोणत्याही कंपनीने नव्हे. हा शब्द ज्याने सुचविला त्याला मायर समजला होता, असे मला वाटते.

आता माझ्या गोष्टीचा उरलेला भाग सांगतो आणि आपली रजा घेतो. तो चित्रपट पाहिल्यानंतरच्या मागणीपत्रांत मी अखेरचे एक कलम घालू लागलो. निवृत्त होणारा कामगार, मग तो झाडूवाला असो की स्वयंपाकी, शेवटच्या दिवशी पुढच्या दाराने बाहेर जाईल आणि त्या वेळी मोकळे असलेले सहकारी त्याच्याबरोबर दारापर्यंत येतील. वाटाघाटीत दोन्हीकडची माणसे या कलमाला हसतात. आमचे वकीलही म्हणाले, याला कायद्याचा आधार नाही. बहुतेक ठिकाणी ते पहिल्याच बैठकीत गळते. एका ठिकाणी ते मान्य झाले. आजवर तिथून अकरा माणसे पुढच्या दाराने बाहेर गेली आहेत.

काकांना हे सांगावे म्हणून मी त्यांच्या गावी गेलो होतो. ते घरासमोर शेंगा निवडीत बसले होते. मी सगळे सांगितले. त्यांनी ऐकून घेतले, चहा सांगितला, आणि विचारले, ‘पहिला कोण गेला?’ मी म्हणालो, ‘भांडी घासणारा एक जण.’ ते म्हणाले, ‘बरं झालं.’ मग पुन्हा शेंगा निवडू लागले. त्यांनी मला क्षमा केली की नाही, ते मला सांगता येणार नाही. मायरसारखी दया येऊन मी इथे एखादा गोड शेवट जोडला असता. पण मग मलाही पाटी लावावी लागली असती.